आपला संघ कुठल्या चॅनलवर? आधी स्पर्धा शोधा, मग चॅनल

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणारे इंग्लंडमधल्या एका क्लबचे चाहते आहेत, पण राहतात इंग्लंडबाहेर. ऑगस्टमध्ये हंगाम सुरू झाला तेव्हा त्यांनी क्रीडा वाहिन्यांचं पॅकेज घेतलं. लीगचे पहिले दोन सामने छान दिसले. महिनाअखेरीच्या बुधवारी क्लबचा सामना होता, टीव्ही लावला, तर त्याच वाहिनीवर कुठली तरी जुनी मॅच पुन्हा दाखवत होते. फोन केला तर ‘त्या सामन्याचे हक्क आमच्याकडे नाहीत’ एवढंच उत्तर मिळालं. आता ते विचारतात, पुढचे सामने कुठे दिसणार हे आधी कळायची काही पद्धत आहे, की दर वेळी रिमोट घेऊन चॅनल चाळत बसायचं?

पद्धत आहे. एका क्रीडा वाहिनीच्या वेळापत्रक विभागात मी बरीच वर्षं काढली आहेत आणि तुम्ही केला तसे फोन ढिगानं घेतले आहेत. जवळजवळ प्रत्येक फोन एकाच वाक्यानं सुरू व्हायचा: ‘आमची टीम कुठल्या चॅनलवर लागते?’ अडचण या वाक्यातच आहे. टीम कुठल्याच चॅनलवर लागत नाही. स्पर्धा लागते. चॅनलवाले क्लब विकत घेत नाहीत, ते स्पर्धेचे हक्क घेतात, तेही एकेका देशापुरते आणि ठरावीक वर्षांसाठी.

तुमच्या क्लबचंच बघा. तो प्रीमियर लीग खेळतो, तिचे हक्क प्रीमियर लीग विकते. तो एफए कप खेळतो, त्याचे हक्क तिथली फुटबॉल असोसिएशन विकते. लीग कप खेळतो, ज्याला प्रायोजकाच्या नावानं काराबाओ कप म्हणतात, त्याचे हक्क इंग्लिश फुटबॉल लीगकडे, म्हणजे खालच्या तीन विभागांची लीग चालवणाऱ्या वेगळ्याच संस्थेकडे. युरोपातल्या स्पर्धेत पोचला तर चौथा विक्रेता आला, युरोपीय फुटबॉलची संघटना यूएफा. एकच जर्सी, एकच मैदान, तेच अकरा जण, पण विकणारे चार. तुमच्या देशात हे चारही एकाच वाहिनीनं घेतले असतील तर तुमचं नशीब. बहुतेक ठिकाणी तसं नसतं.

तुमचा बुधवार कुठे गेला, याचा अंदाज आता करता येतो. युरोपात न खेळणारे प्रीमियर लीगचे क्लब ऑगस्टच्या अखेरीस लीग कपच्या दुसऱ्या फेरीत उतरतात आणि ते सामने आठवड्याच्या मध्यात असतात. तुमच्या पॅकेजमध्ये प्रीमियर लीग होती, लीग कप नव्हता. वाहिनीनं फसवलं नाही. फक्त जाहिरातीत क्लबचा मोठा फोटो होता आणि स्पर्धेचं नाव बारीक अक्षरात, एवढंच. ही खोड सगळ्यांनाच आहे, आम्हीही तेच करायचो.

म्हणून पहिलं काम वाहिनी शोधणं हे नाहीच. क्लबच्या अधिकृत संकेतस्थळावर जा, सामन्यांचं पान उघडा आणि प्रत्येक तारखेपुढे स्पर्धेचं चिन्ह किंवा नाव काय आहे ते बघा. पुढच्या सहा आठवड्यांतल्या स्पर्धा कागदावर उतरवून घ्या. तीन किंवा चार नावं निघतील. चॅनल शोधायचं ते या तीन-चार नावांसाठी. प्रत्येक सामन्यासाठी वेगळी शोधाशोध करायची गरज नाही.

स्पर्धेचं नाव हातात आलं की ज्यानं हक्क विकले त्यालाच विचारायचं. प्रीमियर लीगच्या संकेतस्थळावर देशानुसार प्रसारकांची यादी असते. यूएफाच्या संकेतस्थळावरही कुठल्या देशात कोण दाखवतं याचं पान आहे. फिफाही विश्वचषकाआधी हक्कधारकांची यादी देते. ही पानं दिसायला रुक्ष असतात, पण विकणाऱ्यानं दिलेली माहिती असल्यामुळे चूक फार कमी. लाइव्ह सॉकर टीव्हीसारखी सामन्यानुसार चॅनल सांगणारी संकेतस्थळं सोयीची आहेत, मीही रोज बघतो. पण तिथे वर आपला देश नीट निवडला आहे की नाही, हे आधी तपासा. समाजमाध्यमांवर फिरणारी ‘आज कुठे काय’ची चित्रं तर बहुतेक दुसऱ्याच कुठल्या तरी देशातली असतात.

देश म्हणजे तुम्ही बसला आहात तो देश. क्लबचा नाही, तुमच्या पासपोर्टवरचाही नाही. इथे एक गंमत सांगतो. प्रीमियर लीगचे हंगामात ३८० सामने होतात आणि परदेशी प्रसारकांना ते सगळे उपलब्ध असतात. खुद्द ब्रिटनमध्ये मात्र शनिवारी दुपारी पावणेतीन ते सव्वापाच या वेळात फुटबॉलचा सामना थेट दाखवता येत नाही. १९६० च्या दशकात बर्नली क्लबचे अध्यक्ष बॉब लॉर्ड यांनी मांडलं की मोठ्या क्लबचा सामना घरबसल्या दिसला तर लहान क्लबच्या मैदानावर कोण येईल? तेव्हापासूनचा हा नियम आजही चालू आहे. म्हणजे शनिवारी तीनचा सामना स्टेडियमच्या शेजारच्या गल्लीतल्या माणसाला टीव्हीवर दिसत नाही आणि सहा हजार किलोमीटरवरच्या तुम्हाला दिसू शकतो. तिथल्या चाहत्यांच्या गप्पांत ‘आजची मॅच टीव्हीवर नाही’ असं वाचून कित्येकांनी आमच्याकडे विचारलंसुद्धा नव्हतं, आणि आम्ही ती दाखवत होतो!

याच्या उलटही घडतं. पोर्ट्समथमध्ये पब चालवणाऱ्या कॅरन मर्फी यांनी ब्रिटनमधली महागडी वर्गणी टाळून ग्रीसचं डीकोडर कार्ड लावलं आणि सामने दाखवले. खटला युरोपीय न्यायालयापर्यंत गेला. युरोपीय संघातल्या दुसऱ्या देशाचं कार्ड आणून वापरण्यावर बंदी घालता येणार नाही, असा निकाल २०११ मध्ये लागला. मात्र लीगचं चिन्ह, गीत, पडद्यावरची चित्राक्षरं यांवर स्वामित्वहक्क आहे आणि पबसारख्या सार्वजनिक जागी ती दाखवायला परवानगी लागते, असंही न्यायालयानं म्हटलं. देशोदेशीचे हक्क वेगळे विकण्याचा धंदा त्या निकालानं काही थांबला नाही. तुम्ही प्रवासात असाल तर ॲप तुम्ही कुठून इंटरनेटला जोडला आहात हे बघतं आणि त्या देशाचे हक्क नसले तर पडदा काळा. युरोपीय संघात १ एप्रिल २०१८ पासून सूट आहे: आपल्या देशात भरलेली वर्गणी संघातल्या दुसऱ्या देशात तात्पुरतं गेल्यावरही चालते. बाकी जगात निघण्याआधी ॲपच्या अटी वाचून ठेवा. व्हीपीएन लावून देश बदलून दाखवणं बहुतेक सेवांच्या अटींमध्ये बसत नाही.

पुढचा फाटा घर आणि पाहुण्याचा. इंग्लंडमध्ये लीगचे सगळे सामने एकत्र विकले जातात, म्हणून हा विचार तुम्हाला करावा लागत नाही. सगळीकडे तसं नाही. स्पेनमध्ये २०१५ चा कायदा येईपर्यंत क्लब आपापले हक्क विकत होते. पोर्तुगालमध्ये बेनफिकानं २०१३-१४ पासून लीगचे घरचे सामने स्वतःच्याच वाहिनीवर दाखवायला सुरुवात केली. मेक्सिकोतही क्लब आपल्या घरच्या सामन्यांचे हक्क वेगवेगळे विकत आले आहेत. अशा ठिकाणी संघाचे घरचे सामने एका वाहिनीवर आणि बाहेरचे यजमानाच्या वाहिनीवर असतात. देशांच्या संघांतही कुठे एकत्र, कुठे वेगवेगळी विक्री असते. युरोपातले विश्वचषक आणि युरो पात्रता सामने २०१४ पासून यूएफा एकत्र विकते. क्लबांच्या मैत्रीपूर्ण सामन्यांना बहुधा एक सोपा नियम लागतो: यजमान कोण, तो विकणार. हंगामापूर्वीचे सराव सामने त्यामुळे कधी क्लबच्या स्वतःच्या वाहिनीवर असतात, कधी आयोजकाच्या ॲपवर, आणि कधी कुठेच नसतात.

हक्क कधी बदलतात, हे ठाऊक नसेल तर दोन वर्षं बरोबर चाललेला हिशेब एका उन्हाळ्यात मोडतो. करार साधारण तीन-चार वर्षांचे असतात. यूएफाचं सध्याचं चक्र २०२४ ते २०२७ आहे. ब्रिटनमधला प्रीमियर लीगचा करार २०२५-२६ पासून चार वर्षांचा. करार मध्येच कोसळतो असंही होतं. फ्रान्सच्या लीग १ चं उदाहरण मी नव्या मुलांना नेहमी द्यायचो. २०२० मध्ये मीडियाप्रो या कंपनीनं तेलेफूट ही वाहिनी काढली, काही महिन्यांत पैसे थकले, वाहिनी बंद पडली आणि उरलेला हंगाम कॅनल प्लसनं दाखवला. २०२१ पासून बहुतेक सामने ॲमेझॉनकडे गेले, २०२४ मध्ये डॅझ्न या इंटरनेटवरच्या क्रीडा सेवेकडे, आणि २०२५ मध्ये लीगनं स्वतःचीच लीग १ प्लस ही सेवा काढली. तिथल्या चाहत्यानं पाच वर्षांत किती पासवर्ड पाठ केले असतील, विचार करा. म्हणून वर्षभराची वर्गणी भरण्याआधी हक्क कधी संपतात ते बघून घ्या. शंका असेल तर महिन्याचीच घ्या. महिन्याची थोडी महाग पडते हे खरं, पण हक्क हातातून गेले तरी वर्षाचे पैसे परत देणारे फार नसतात.

चॅनल कळलं, आता वेळ. लोक सर्वांत जास्त फसतात ते इथे. जूनमध्ये प्रीमियर लीगचं वेळापत्रक येतं तेव्हा बहुतेक सामन्यांपुढे शनिवार, दुपारी तीन असं लिहिलेलं असतं. ते कच्चं समजा. मग टीव्हीवाले सामने निवडतात आणि ते शुक्रवार रात्र, शनिवार साडेबारा, शनिवार साडेपाच, रविवार, सोमवार असे सरकतात. गुरुवारी युरोपात खेळलेला क्लब लीगचा सामना बहुधा रविवारी खेळतो. ही निवड काही आठवडे आधी टप्प्याटप्प्यानं जाहीर होते. जूनमध्ये भिंतीवर चिकटवलेला कागद सप्टेंबरमध्ये निम्मा खोटा ठरतो.

त्यात घड्याळ. युरोपात ते मार्च आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी हलवतात. अमेरिकेत मार्चच्या दुसऱ्या आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी. ज्या देशात घड्याळ हलत नाही तिथल्या प्रेक्षकाला तोच साडेबाराचा सामना हिवाळ्यात एक तास उशिरा दिसतो. एका वर्षी ऑक्टोबरच्या त्या शेवटच्या रविवारी आमच्याकडे एकानं जुना फरक धरून वेळा भरल्या. कार्यक्रमपत्रिकेत सामना सुरू, पडद्यावर रिकामं मैदान आणि खुर्च्यांवर बसलेले दोन समालोचक. तासभर बोलायला त्यांच्याकडे काय असणार? त्यांनी खेळपट्टीच्या गवतापासून सुरुवात केली. मार्चमध्ये ही चूक झाली असती तर बघणाऱ्यांचा पूर्वार्ध गेला असता, तेव्हा त्यातल्या त्यात बरं म्हणायचं. शक्य असेल तर वेळ क्लबच्या किंवा स्पर्धेच्या ॲपमधूनच कॅलेंडरमध्ये घ्या. ते फोनच्या घड्याळाप्रमाणे आपोआप बदलतं.

मध्यरात्रीनंतरच्या सामन्याला आणखी एक खड्डा आहे. ‘शनिवार, ००:३०’ म्हणजे शुक्रवारची रात्र. शनिवारी रात्री टीव्ही लावून बसाल तर सामना सुरू होऊन चोवीस तास झालेले असतील. जपानी टीव्हीवाले यावर झकास तोड काढतात, रात्री साडेबाराला ते ‘२४:३०’ लिहितात आणि आदल्याच दिवसाखाली ठेवतात. आपण निदान कागदावर ‘शुक्रवार रात्र उलटून’ असं लिहून ठेवावं.

आता सेट-टॉप बॉक्सवरची कार्यक्रमपत्रिका कशी वाचायची ते सांगतो, कारण हे कुणी सांगत नाही. नुसतं संघांचं नाव बघून खूश होऊ नका. शेजारी ‘थेट’ किंवा ‘लाइव्ह’ आहे का बघा. नसेल, तर पट्टी किती लांब आहे बघा. पंचेचाळीस अधिक पंचेचाळीस, मध्ये पंधरा मिनिटांची विश्रांती, वर वाया गेलेल्या वेळेची भर. म्हणजे सामनाच दोन तासांना टेकतो. आधीची-नंतरची चर्चा धरून थेट सामन्याला दोन-सव्वादोन तासांपेक्षा छोटी जागा कुठलीही वाहिनी सहसा देत नाही. एक तासाची पट्टी असेल तर ती क्षणचित्रं. आणि पट्टी मोठी असूनही वेळ अशी असेल की क्लबच्या गावात तेव्हा पहाटेचे चार वाजलेत, तर तो जुना सामना आहे. नेमक्या तुमच्या बुधवारी ही पट्टी दोन दिवस आधी बघितली असती तर ‘थेट’ शब्द नाही हे लक्षात आलं असतं.

एकाच वेळी अनेक सामने असतात तेव्हा पत्रिकेवर मुळीच विसंबू नका. १९८२ च्या विश्वचषकात स्पेनमधल्या खिखोनला पश्चिम जर्मनी आणि ऑस्ट्रिया यांनी १-० वर खेळ जवळजवळ थांबवला, दोघेही पुढे गेले आणि आदल्या दिवशी सामना संपवून बसलेला अल्जीरिया बाहेर पडला. त्यानंतर गटातले शेवटचे सामने एकाच वेळी घ्यायचं ठरलं. लीगच्या शेवटच्या दिवशीही तेच. चॅम्पियन्स लीगमध्ये आता ३६ संघ आहेत आणि २९ जानेवारी २०२५ ला शेवटच्या फेरीचे १८ सामने एकदम सुरू झाले. अठरा सामन्यांना अठरा चॅनल कोण देणार? मुख्य वाहिनीवर एक मोठा सामना किंवा सगळीकडचे गोल फिरवून दाखवणारा कार्यक्रम येतो, बाकीचे जोडवाहिन्यांवर किंवा फक्त ॲपवर. कोणता सामना कुठे, हे कधी कधी आदल्या दिवशी ठरतं. अशा दिवशी वाहिनीच्या ॲपमध्ये तुमच्या सामन्याचं स्वतंत्र पान उघडतंय का, हे किक-ऑफच्या अर्धा तास आधी बघा. पासवर्ड विसरल्याचं कळायचीही तीच वेळ बरी.

फुकट कुठे दिसतं, हेही विचारलं जातंच. विश्वचषकासारख्या मोठ्या स्पर्धांसाठी अनेक देशांत कायदा आहे की अमुक सामने सर्वांना मोफत दिसणाऱ्या वाहिनीवर हवेतच. ब्रिटनच्या यादीत अख्खी विश्वचषक स्पर्धा आहे. फिफानं त्याविरुद्ध दाद मागितली होती, ती २०१३ मध्ये युरोपीय न्यायालयानं फेटाळली. तुमच्या देशाची अशी यादी असेल तर एकदा वाचा. बाकी फुकटातही खरा माल कधी कधी मिळतो: २०२५ च्या क्लब विश्वचषकाचे सगळे ६३ सामने डॅझ्नवर मोफत होते, आणि इंग्लंडच्या महिला सुपर लीगनं टीव्हीवर नसलेले सामने २०२४-२५ च्या हंगामात यूट्यूबवर आणले होते. ऐनवेळी कुणी पाठवलेल्या अनोळखी लिंकांचं मात्र नाव काढू नका. दहा जाहिरातींच्या खिडक्या बंद करेपर्यंत गोल होऊन जातो, आणि ‘प्लेअर अपडेट करा’ म्हणणारं बटण सामना सोडून भलतंच काहीतरी मशीनमध्ये उतरवतं.

रेकॉर्डिंग लावून झोपणाऱ्यांसाठी एकच सूचना. शेवटाला एक तास जास्त लावा. बाद फेरीत जादा अर्धा तास आणि पेनल्टी आल्या तर लागतोच, पण साध्या सामन्यातही भरोसा नाही. २०२२ च्या विश्वचषकात इंग्लंड-इराण गटसामन्याच्या दोन्ही अर्धांत मिळून सुमारे २७ मिनिटं वाढवली होती. ॲपवर थेट बघत असाल तर चित्र डिशच्या मागे अर्धा मिनिट किंवा जास्तही असतं, तेव्हा मित्रमंडळींच्या ग्रुपचा आवाज बंद ठेवा.

माझा स्वतःचा कागद अजूनही साधा आहे. रविवारी संध्याकाळी दहा मिनिटं लागतात. पाच रकाने: वार, आपल्या घड्याळातली वेळ, कोणाशी आणि घरी की बाहेर, स्पर्धा, चॅनल. शेवटचा रकाना पेन्सिलीनं. दोन दिवस आधी कार्यक्रमपत्रिकेत ‘थेट’ दिसलं की तो शाईनं गिरवतो. महिन्यात एखादा रकाना रिकामाच राहतो, कारण तो सामना या देशात कुणी घेतलेलाच नसतो. तेव्हा क्लबच्या ॲपवर थेट समालोचन ऐकायला मिळतं का बघतो आणि क्षणचित्रांसाठी क्लबची यूट्यूब वाहिनी धरून ठेवतो.

तुमच्यापुरतं सांगायचं तर आधी क्लबनं तो बुधवारचा सामना जिंकला का बघा. जिंकला असेल तर तिसरी फेरी सप्टेंबरमध्ये, पुन्हा आठवड्याच्या मध्यात, आणि तीही तुमच्या आत्ताच्या पॅकेजमध्ये नसणार. लीग कपचे हक्क तुमच्या देशात कोणाकडे आहेत ते आजच शोधा. त्यांच्याकडे महिन्याची वर्गणी असेल तर ती सामन्याच्या दिवशी घ्या, आधी नको. या फेऱ्यांचे सगळे सामने वाहिनी दाखवेलच असं नाही, आणि तुमचा सामना त्यांच्या पत्रिकेत ‘थेट’ म्हणून दिसल्याशिवाय पैसे भरू नका. हरला असेल तर एफए कपला जानेवारीपर्यंत वेळ आहे, प्रीमियर लीगचे क्लब त्यात तिसऱ्या फेरीपासून येतात.